सप्तपूर वाचल्यानंतर

सकाळी साडेसहाला मिरजेच्या त्या मैदानावर माणसं धावताना दिसत. ती कशाकडे धावतात हे मात्र बघणाऱ्याला दिसत नसे. साठी-सत्तरीची माणसं, डोळ्यांवर रुंद चष्मा, डोक्याला पातळ जाळीची टोपी. एखादे आजोबा अचानक हात वर करून झेपावत. एखाद्या आजी रिकाम्या हवेतून काहीतरी उचलून छातीशी धरत आणि तशाच पळत सुटत. सुरुवातीला कॉलेजची पोरं मोबाइलवर त्यांचं चित्रण करून हसली. मग कुणाचा काका, कुणाची आत्या त्यांतच निघू लागली आणि हसणं आपोआप थांबलं.

श्रीरंगराव भोकरे हे त्यांतलेच एक. भूकरमापक म्हणून चौतीस वर्षं त्यांनी जिल्हाभरातल्या जमिनी मोजत पायांखाली घातल्या होत्या. त्रेसष्टाव्या वर्षी कंपवात झाला. हात थरथरायचे त्याचं त्यांना फार वाटलं नाही, पण सहासष्टाव्या वर्षी पाय जमिनीला चिकटू लागले. दारापर्यंत नीट यायचं आणि उंबरठ्याशी खिळा ठोकल्यासारखं उभं राहायचं. वळायला गेलं तर तेच. मन म्हणायचं, चल. पायांना ते ऐकूच यायचं नाही.

गेले चौदा महिने मात्र ते रोज तीन किलोमीटर धावत होते. धावताना ते श्रीरंगराव नसत. चष्म्यात दिसणाऱ्या सप्तपूर नावाच्या शहराचा रक्षक, झंझावात असत. कोसळत्या पुलांवरून ते लोकांना उचलून आणत, जळत्या इमारतींत शिरत. एकसष्ट मोहिमा झाल्या, आणि एका मंगळवारी सकाळी त्यांनी भस्मकेतू या दुष्टाला समुद्रात बुडवला. चष्म्यातलं सगळं सप्तपूर रस्त्यावर उतरलं, फुलं उधळली गेली, आणि आकाशात अक्षरं उमटली: ‘सप्तपूर आता सुरक्षित आहे. मुख्य कथा संपली. आता शहरात मनसोक्त भटका.’

श्रीरंगराव हसले. एक पाऊल टाकायला गेले, आणि मैदानाच्या मधोमध अडकले.

कडेच्या बाकावर चहाचा थर्मास घेऊन बसलेली हेमलता, त्यांची बायको, थोडा वेळ वाट बघून उठून आली.

“काय झालं? बघत काय उभे राहिलात?”

“जिंकलो,” ते म्हणाले. “मला धर जरा.”

तिच्या खांद्याचा आधार घेऊन घर गाठायला त्यांना पन्नास मिनिटं लागली. जाताना चार लागली होती.

दुसऱ्या दिवशी रिक्षाने ते गतिचेतना केंद्रात गेले. हा खेळ तिथेच तयार झाला होता, आणि तो तयार करणाऱ्या डॉ. नसीम मुजावर त्यांना ‘काका’ म्हणत.

“काका, तुम्हाला निकडमार्गाबद्दल सांगितलेलं आठवतंय?”

“घर जळायला लागलं की लंगडासुद्धा पळतो, ते?”

“तेच. आपण रोज चालतो ती सवयीची वाट मेंदूच्या खोल भागातून जाते. कंपवातात तिथलं एक रसायन आटतं आणि ती वाट बंद पडते. पण जीव वाचवायची वेळ आली की मेंदू दुसऱ्याच वाटेने पायांना हुकूम धाडतो. वर्षानुवर्षं खुर्चीतून न उठलेला रोगी आग लागल्यावर जिना उतरून गेल्याच्या नोंदी फार जुन्या आहेत. त्या दुसऱ्या वाटेला आम्ही निकडमार्ग म्हणतो. ती वाट तुमची शाबूत आहे.”

“म्हणजे गाडीरस्ता खचलाय, बांधावरची पायवाट चालू आहे.”

“अगदी बरोबर. आणि त्या पायवाटेवर किती रहदारी आहे ते तुमची टोपी मोजते. तो निकडांक. चाळिसाच्या वर गेला की पाय सुटतात. भस्मकेतूच्या वेळी तुमचा एक्क्याण्णव होता. काल अक्षरं उमटल्यावर तो सहावर आला.”

श्रीरंगरावांनी विचारलं, “पण कथा संपली तरी शहरात कामं आहेतच की. लपवलेली दोनशे पिसं शोधायची, गच्च्यांवरून फोटो काढायचे, पाकीटमार पकडायचे. नवे पोशाखही आहेत.”

“करून बघितलंत?”

“सकाळी खुर्चीत बसून बघितलं. एका मुलाचा फुगा उडाला होता, तो आणून द्यायचा होता. फुगा नाही मिळाला तर पोरगं रडणार, एवढंच. माझे पाय म्हणाले, रडू दे.”

डॉक्टर हसल्या नाहीत. पुन्हा पहिल्या मोहिमेपासून खेळवून त्यांनी दोन-तीन रोग्यांवर पाहिलं होतं. पहिल्या दिवशी निकडांक एकतीस, चौथ्या दिवशी बारा. शेवट ठाऊक असलेल्या मेंदूला फसवता येत नव्हतं.

“दुसरा भाग तयार होतोय. आठ महिने लागतील.”

“आठ महिने मी काय करू?”

डॉक्टरांनी टेबलावरची टोपी उगीचच सरळ केली. “खुर्चीत बसून हातांचे व्यायाम करा,” त्या म्हणाल्या.

मग सुरू झाले ते दिवस. खाटेपासून दारापर्यंत नऊ फूट, दारापासून फाटकापर्यंत एक्केचाळीस. जन्मभराच्या सवयीने श्रीरंगरावांची नजर अंतरं मोजायची आणि मोजून झालं की पुन्हा मोजायची. खिडकीतून फाटक दिसे. फाटकाबाहेरचा रस्ता एका पेरूच्या झाडापर्यंत दिसे, पुढचा नाही. अंघोळीला, संडासला, जेवायला हेमलता त्यांना उठवी. ती पासष्ट वर्षांची, त्यांच्याहून वीस किलोंनी हलकी. उठवताना ती श्वास रोखून धरी आणि त्यांना बसवल्यावर पाठ फिरवून सोडी. त्यांना तो ऐकू येऊ नये म्हणून. तो त्यांना ऐकू येई.

पाचव्या आठवड्यात एका दुपारी ती स्टुलावर चढून माळ्यावरचा कुरडयांचा डबा काढत होती. स्टूल कलंडलं. श्रीरंगराव खोलीच्या दुसऱ्या टोकाला खुर्चीत होते. पुढच्या क्षणी ते उभे होते आणि हेमलता त्यांच्या हातांत होती. डबा फुटून कुरडया खोलीभर पसरल्या होत्या.

“तुम्ही आलात,” ती म्हणाली.

“आलो.”

“सात पावलं. मी बघितली.”

दोघं कितीतरी वेळ हसत राहिली. मग ते खुर्चीकडे वळायला गेले आणि तिथेच चिकटले.

तीन दिवसांनी हेमलता पुन्हा स्टुलावर चढली. माळ्यावर आता काही उरलेलं नाही हे श्रीरंगरावांना माहीत होतं, पण ते लक्षात यायच्या आतच ते तिच्यापाशी पोचले होते.

“काय काढत होतीस?”

“जळमटं.”

त्यानंतरच्या वेळी ते तीनच पावलं गेले. तिने एका हाताने खिडकीचा गज घट्ट धरला होता आणि तो हात त्यांच्या डोळ्यांआधी त्यांच्या पायांनी पाहिला होता. हेमलता खाली उतरली, त्यांच्याकडे बघून म्हणाली, “असं होय.”

दुसऱ्या दिवशी तिने गज धरला नाही. श्रीरंगराव धावले, पण अर्ध्या पावलाने कमी पडले. तिच्या उजव्या मनगटाचं हाड मोडलं.

प्लास्टर घातलेला हात पदराखाली घेऊन ती त्यांच्याबरोबर केंद्रात गेली. डॉ. नसीमनी तो हात पाहिला आणि दार लावून घेतलं.

“कशी पडलात ते सांगू नका, मावशी. मला ठाऊक आहे. ज्यांची मुख्य कथा संपली अशा रोग्यांच्या घरची अकरा माणसं गेल्या दोन महिन्यांत हाडं मोडून आली आहेत. बायका, नवरे, एक सून. एका बाईंनी पदर पेटवून घेतला होता. कुणीही एकमेकांना ओळखत नाही. ज्याने त्याने आपापल्या घरी हा शोध लावला.”

श्रीरंगराव म्हणाले, “डॉक्टर, माझी ती पायवाट बंद करून टाका. औषध असेल ना?”

“आहे. पण मग ती कायमचीच बंद होईल.”

“नको,” हेमलता म्हणाली. “दुसरं काहीतरी सांगा.”

दुसरं काहीतरी होतं, आणि ते सांगायला डॉक्टरांना जड जात होतं हे दिसत होतं. दुसऱ्या भागाची सगळी कथा तयार होईपर्यंत थांबायची गरज नव्हती. सप्तपूर तयार होतंच. फक्त त्यात संकटात सापडणारं माणूस अनोळखी ठेवायचं नाही. त्याला घरच्या माणसाचा चेहरा द्यायचा, आवाज द्यायचा. मग कथा नसली तरी चालते.

“घ्या की मग माझा चेहरा,” हेमलता लगेच म्हणाली.

“पूर्ण ऐका, मावशी. तुम्ही दर वेळी वाचलात तर महिन्याभरात काकांचा मेंदू ओळखेल की ही वाचतेच. तुम्ही गज धरला होता ना, तसंच ते. म्हणून दहांतून दोनदा तरी काका पोचायच्या आत...” त्यांनी वाक्य सोडून दिलं. “आणि कोणते दोन, ते कुणालाच आधी माहीत नसणार.”

“मला हे करायचं नाही,” श्रीरंगराव म्हणाले.

हेमलताने प्लास्टरचा हात टेबलावर ठेवला. “स्टुलावरून पडून मरण्यापेक्षा चष्म्यात मेलेलं बरं. मला तर कळणारही नाही.”

“मला कळेल.”

“तुम्ही चालाल,” ती म्हणाली, आणि तिथेच ते ठरलं.

तिचा चेहरा, चालणं, लुगडं सावरायची लकब टिपायला एक सबंध दुपार गेली. शेवटी आवाज. डॉक्टरांनी मदतीसाठी हाक मारायला सांगितलं. तिला ‘वाचवा’ म्हणून ओरडता येईना, हसू यायचं. “तुम्ही काकांना घरी कशी हाक मारता?” त्यांनी विचारलं. मग तिने चाळीसेक वेळा, हळू, मोठ्याने, घाबरून, ‘अहो’ म्हटलं.

पहिल्या सकाळी श्रीरंगराव फाटकाबाहेर उभे राहिले. टोपी बांधली, चष्मा चढवला. सप्तपूरच्या एका उंच इमारतीच्या कठड्याला धरून हिरव्या लुगड्यातली हेमलता लोंबकळत होती. “अहो,” ती म्हणाली. निकडांक सत्त्याण्णववर गेला. ते असे धावले की पेरूचं झाड कधी मागे पडलं ते त्यांना कळलं नाही.

सहाव्या दिवशी ते पोचले नाहीत. मैदानाच्या टोकाला ते गुडघ्यांवर बसले, आणि आजूबाजूला कुणी आगीत शिरत होतं, कुणी कुणाला पाण्यातून काढत होतं, त्यामुळे त्यांच्या रडण्याकडे कुणी बघितलं नाही. घरी आले तर हेमलता चहा गाळत होती. त्यांनी तिचा डावा हात धरून ठेवला. चहा निवला.

“आज वाचले का मी?” तिने विचारलं.

“वाचलीस.”

पुढे रोज त्यांनी हेच उत्तर दिलं. पावसाळा सरला तोवर दहांतले दोन पुरेनासे झाले होते. डॉक्टरांनी तीन केले, मग चार. निकडांकाचा आलेख बघताना डॉक्टर त्यांच्या नजरेला नजर देत नसत. तिसऱ्या महिन्यापासून श्रीरंगरावांचं रडणं थांबलं. आपण सावरलो असं त्यांना वाटलं. पाठ ताठ झाली, भूक लागू लागली, रोजच्या धावण्याने भिंतीच्या आधाराने त्यांचं त्यांना उठताही येऊ लागलं. हेमलताचं प्लास्टर निघालं, पण मनगट पूर्वीसारखं झालं नाही. भरलेली बादली तिला उचलवत नसे.

एका रविवारी दुपारी ती पुऱ्या तळत होती. कमजोर हातातून झारा निसटून कढईत पडला आणि उकळतं तेल तिच्या हातावर उडालं.

“अहो!” ती ओरडली.

श्रीरंगराव स्वयंपाकघराच्या दारापासून सहा फुटांवर खुर्चीत होते. त्यांनी हाक ऐकली. आता शरीर उठेल म्हणून ते थांबले. पाय उठले नाहीत. त्याचंही त्यांना नवल वाटलं नसतं. पण छातीत धस्स झालं नाही, घसा कोरडा पडला नाही. ही हाक त्यांनी शेकडो वेळा ऐकली होती आणि तिच्यानंतर दर वेळी घरी चहा तयार होता. अंगातलं काहीतरी अगदी शांतपणे म्हणालं, ही येईलच परत. गॅस तिचा तिनेच बंद केला. नळाचं पाणी पडल्याचा आवाज आला, बराच वेळ आला.

हात ओल्या फडक्यात गुंडाळून ती दारात आली.

“ऐकू नाही आलं?”

“आलं.”

ती त्यांचा चेहरा बघत राहिली. पाय हलले नाहीत हे ती समजू शकत होती. ती पायांकडे बघतच नव्हती.

“उद्यापासून चष्मा नको,” ते खाली बघत म्हणाले. “मी बसून राहीन.”

“आणि उठवायचं कुणी तुम्हाला?” तिचा आवाज चढला नाही. “या हाताने आता मला जमायचं नाही.”

थंड झालेल्या पुऱ्या दोघांनी खाल्ल्या.

सोमवारी सकाळी तिने त्यांना भिंतीच्या आधाराने फाटकापर्यंत आणलं. डाव्या हाताने टोपीचा बंद ओढला, चष्मा त्यांच्या नाकावर बसवला. काचा काळ्या व्हायच्या आधी त्यांना तिच्या हातावरची पट्टी दिसली आणि तिचे सुजलेले डोळे. काहीतरी म्हणावं म्हणून त्यांनी तोंड उघडलं.

“अहो,” दुरून हाक आली.

सप्तपूरच्या पुलाचा एक खांब कलत होता आणि त्याच्या टोकाला हिरवं लुगडं वाऱ्यावर फडफडत होतं. छातीत धस्स झालं, घसा कोरडा पडला. पाय सुटले. मागे वळून एकदा बघावं असं श्रीरंगरावांना वाटलं, पण वळलं की पाय चिकटतात. फाटकाशी उभ्या असलेल्या हेमलताला मागे ठेवून ते हेमलताला वाचवायला जीव खाऊन धावत सुटले.