फ्रिजवाला आणि पास्ता सॅलड

तो पहिल्यांदा आला तो चुकून. वरच्या दवाखान्यातला एसी बघायचा होता, आणि दार उघडलं मावशीच्या कँटीनचं. मावशीनं त्याच्या हातातली अवजारांची पेटी पाहिली आणि नाव-गाव न विचारता त्याला बंद पडलेल्या फ्रिजसमोर उभं केलं. आयता सापडलेला माणूस ती सोडते थोडीच! तिची भाची पास्ता निथळत होती. वाफेपलीकडून त्यानं एकदाच वर पाहिलं… आणि तिच्या हातातली चाळणी तिरकी होऊन निम्मा पास्ता सिंकमध्ये गेला.

त्यानंतर फ्रिज पुन्हा बिघडला. मग पुन्हा.

"तुमचा फ्रिज माझी फार आठवण काढतो," तो पान्याशी खेळत म्हणाला होता.

"फ्रिजच काढतो," ती काकडी चिरता चिरता म्हणाली होती. "बाकी कुणी नाही."

दोघंही हसली होती. आज मात्र हसण्यासारखं काही नव्हतं. दुपारी दवाखान्यात क्रीमी चिकन पास्ता सॅलड जायचं होतं, दवाखाना म्हणजे मावशीचं सगळ्यात मोठं गिऱ्हाईक, आणि फ्रिज पुन्हा ठप्प. चिकन बर्फावर ठेवून मावशी त्याच्यापुढे कमरेवर हात देऊन उभी राहिली.

"दुरुस्त करतोस की दिवस ढकलतोस? आता तुझ्या शेठलाच फोन लावते."

भाचीनं चटकन त्याच्याकडे पाहिलं. आणखी एक तक्रार आली तर घरी बस, असं शेठनं त्याला बजावलं होतं. मागच्या वेळी चहा पिताना त्यानंच तिला ते सांगितलं होतं, हसत हसत, पण डोळे खाली घालून.

त्यानं फ्रिजमध्ये हात घातला. आतल्या मोठ्या पातेल्याचं झाकण जरासं उचललं. गरम पास्त्याची वाफ आली. एक शब्द बोलला असता तर सुटला असता. त्यानं झाकण हळूच परत ठेवलं.

"जुनं मशीन आहे, मावशी. माझंच काहीतरी राहून गेलं असेल."

"तू काय बघत बसलीस? हात चालव," मावशी भाचीवर घसरली.

तिनं ते पातेलं बाहेर ओढलं. दुसऱ्या भांड्यात क्रीम, मेयॉनीज, लिंबू, मिरपूड असं सगळं घोटून तयार होतं, ते घाबऱ्याघाबऱ्या पास्त्यावर ओतलं. बघता बघता घट्ट क्रीमचं पाणी झालं.

"बघा! फ्रिजनं माझं सॅलडही नासवलं," म्हणत मावशीनं फोन कानाला लावला. पलीकडे घंटी वाजू लागली.

तो पेटी आवरू लागला. तिच्याकडे पाहिलंसुद्धा नाही त्यानं. तेच तिला सोसवेना.

"मावशी, फोन ठेव." आवाज तिचा तिलाच ओळखू येईना. "त्याचा काही दोष नाही. चुलीवरचं गरम पातेलं मी तसंच आत ठेवते, म्हणून फ्रिज बंद पडतो. पहिल्यांदा घाईत ठेवलं… नंतर मुद्दाम."

"मुद्दाम? डोकं ठिकाणावर आहे ना तुझं?"

"नाही," ती म्हणाली. "तो यावा म्हणून ठेवत होते."

मावशी तिच्याकडे बघत राहिली, मग त्याच्याकडे. फोनमधून कुणीतरी हॅलो हॅलो करत होतं.

"हां, शेठ," मावशी घसा खाकरून म्हणाली. "तुमचा माणूस कामाला चोख आहे. एवढंच सांगायचं होतं." फोन ठेवून ती भाचीकडे वळली. "नवा पास्ता टाक. बर्फाच्या पाण्यात पूर्ण गार झाल्याशिवाय क्रीमला हात लावशील तर याद राख. मी क्रीम घेऊन येते."

दार लागलं. तिनं पाणी उकळायला ठेवलं.

"तुम्हाला… कधी कळलं?"

"दुसऱ्या खेपेला. पातेल्याला हात भाजला."

"मग बोलला का नाहीत? नोकरी गेली असती तुमची."

तो तिच्या शेजारी येऊन उभा राहिला. पहिल्यांदाच, पेटी हातात न घेता.

"बोललो असतो तर," तो म्हणाला, "तुम्ही पास्ता गार करून ठेवला असता."