तिसरी फळी

म्हातारा नावाडी सुनेला घेऊन पलीकडच्या काठाला निघाला तेव्हा उजाडलं होतं, पण धुकं उठलं नव्हतं. सुनेचं आज दुसरं लग्न होतं, पलीकडच्या शिंप्याशी. म्हाताऱ्यानं स्वतः ठरवलेलं. मुलगा गेल्या पुरात बुडाला, सापडलासुद्धा नाही. तिनं जन्मभर आपल्या दारात झुरत बसावं, हे म्हाताऱ्याला पटत नव्हतं.

घाटावर कपडे आपटणारी धोबीण म्हणाली, "नावाडीबुवा, एवढं तोंड पाडलंत तर नदी आटेल."

म्हाताऱ्यानं नावेचा दोर सोडला.

दोन माणसं नि एक ट्रंक, म्हणजे पाणी नावेच्या कडेच्या खालून दुसऱ्या फळीला लागायचं. चाळीस वर्षांत यात फरक पडला नव्हता. आज पाणी तिसरीच्या वर होतं. त्यानं तळ चाचपला. कोरडा. ट्रंक उचलून पाहिली. हलकी. तो वल्हवू लागला.

मुलगा बुडाला त्या जागी नाव अडली. वल्ही मारूनही हलेना. कुजक्या गाळाचा वास आला. सुनेनं पदर नाकाला लावला.

"मामंजी... काय झालं?"

"काही नाही. गप बस."

मग तिच्या शेजारच्या रिकाम्या जागेकडे बघत तो हलकेच म्हणाला, "तिला जाऊ दे रे. मी आहे ना... तू माझ्याबरोबर घरी चल."

नाव सरकली.

काठ आला. सून ट्रंक घेऊन उतरली, पायऱ्या चढून धुक्यात दिसेनाशी झाली. नाव वर आली ती एका माणसाइतकीच. म्हणजे दुसरा अजून बसून होता. म्हाताऱ्याच्या जिवात जीव आला. पोरानं जन्मात पहिल्यांदा बापाचं ऐकलं होतं. त्याला घरी नेऊन काय करायचं, याचा विचार नंतर. त्यानं नाव वळवली.

वीसेक हात गेला असेल, तोच नाव एकदम हलकी झाली. ना आवाज, ना तरंग. पाणी पार खाली, पहिल्या फळीला.

मागून, काठावरून, सुनेचा आवाज आला.

"मामंजी, हाक मारलीत? थांबा... आले मी."

म्हाताऱ्यानं तोंडसुद्धा उघडलं नव्हतं. आणि धुक्यात तिची पावलं एकेक पायरी खाली उतरत होती.