इंगाकाकीची पावलं

इंगाकाकीच्या कानातलं यंत्र दुरुस्त होऊन आलं होतं. ते दुकानातून घ्यायचं आणि तिच्या घरी पोहोचवायचं, एवढंच काम. तिच्याकडे राहणारी अखिला पापनाशमला बहिणीकडे गेली होती, म्हणून रात्री सोबतीला मी तिथेच झोपणार होते. शाळा सुटल्यावर मी स्कूटर काढली, वाटेत इडल्या बांधून घेतल्या आणि कालव्याकडच्या रस्त्याला लागले.

मी तंजावरची. आमच्याकडची माणसं मराठी बोलतात, पण देवनागरी वाचणारं विरळाच. मी दोन वर्षं पुण्यात शिकले म्हणून हे लिहिते आहे. घरचं कुणी हे वाचणार नाही, ते एका परीने बरंच आहे.

इंगाकाकी म्हणजे माझ्या आजोबांच्या धाकट्या भावाची बायको, मूळची डेन्मार्कची. वय नव्वदीच्या पुढे. लहानथोर सगळे तिला काकीच म्हणायचे. मराठी ती सासूकडून शिकली, त्यामुळे आमच्या घराण्यात सगळ्यांत जुन्या वळणाचं बोलणारी बाई हीच. आम्ही पोरं 'मला' म्हणायला लागलो, तरी ती आपली 'मज'वर ठाम. एवढी गोरी बाई "मज भूक नाहीं" म्हणाली की पाहुणे हातातला घास हातातच धरून बघत राहायचे.

तरुणपणी ती कोपनहेगनच्या एका फिल्म स्टुडिओत पावलं वाजवायची. चित्रीकरणाच्या वेळी नटनट्यांच्या चालण्याचा आवाज नीट येत नाही, तो मागाहून भरावा लागतो. अंधाऱ्या खोलीत पडद्यावर चित्र चालायचं आणि काकी निरनिराळे बूट घालून, कधी फळीवर तर कधी खडीवर, त्या त्या माणसासारखी चालायची. बर्फ हवा असेल तर कातडी पिशवीत बटाट्याचं पीठ भरून ते पायाखाली दाबायचं. पडद्यावर पुष्कळदा पाय दिसतच नाहीत. "खांदे बघणें," ती मला सांगायची, "माणूस खांद्यानें चालतो." म्हातारे जमीनदार, चोर, नवऱ्या मुली, शाळेतली पोरं, सगळ्यांची पावलं तिची होती. चित्रपटाच्या नामावळीत मात्र तिचं नाव कुठेच नाही.

एकदा एका मोठ्या नटीचा निरोपाचा प्रसंग फार गाजला. ती स्टेशनच्या फलाटावरून दूर दूर निघून जाते. थिएटरमधल्या बायका रडत होत्या आणि काकी तिकीट काढून त्यांच्यात बसून स्वतःचंच जाणं ऐकत होती.

"सिनेमांत माणूस येतो तेव्हां संगीत असतें," ती म्हणायची. "जातो तेव्हां नुसतीं पावलें. मज अवघीं जाणाऱ्यांचींच आलीं."

वैद्यनाथकाका तिकडे ध्वनिमुद्रण शिकायला गेला होता. कानाला हेडफोन लावून बसलेला असताना त्याने आधी तिची पावलं ऐकली आणि मग चेहरा पाहिला. दोघं लग्न करून तंजावरला आली. काकाची आई, चंद्रमतीबाई, आंधळी होती. काकीच्या तपकिरी बुटांच्या टाचा ओट्यावर वाजल्या तशी ती आतूनच म्हणाली, "पादत्राण बाहेर." काकीने बूट काढले, पायांवर पाणी घेतलं आणि अनवाणी आत आली. ते बूट तिने पुन्हा कधी घातले नाहीत. कामाच्या वेळच्या सगळ्या बुटांबरोबर ते एका मोठ्या पेटीत गेले आणि पेटी मागच्या पडवीत राहिली.

सासूचा राग सुनेवर नव्हता, मुलावर होता. तिने सुनेला जवळ बसवून मराठी शिकवलं, रसम करायला शिकवलं आणि मुलाशी मात्र अबोला धरला. काका तिरुचीला रेडिओत इंजिनियर होता. रोज दिवेलागणीला घरी यायचा. ओट्यावर चपला काढायचा, हंड्यातून तांब्याभर पाणी पायांवर ओतायचा, ओल्या पावलांनी लाल फरशीवरून आईच्या पलंगापाशी येऊन क्षणभर उभा राहायचा आणि मग आत जायचा. तो एक शब्द बोलायचा नाही आणि ती तोंड फिरवून पडलेली असायची. तसंच वर्षं गेली.

मग एका पावसाळ्यात तिरुचीहून येणारी बस कालव्यात उलटली. काका सापडला तो दुसऱ्या दिवशी.

चंद्रमतीबाईचं काळीज दुबळं होतं. आईला कळू द्यायचं नाही असं सगळ्या भावांनी ठरवलं. पण दिवेलागणीला काय करायचं? ते काकीने केलं. नवऱ्याच्या घरी राहिलेल्या जुन्या चपला पायात घालून ती फाटकातून आत आली. उजवा पाय जड, डावा घाईत, पायरीशी एक थांबा. तांब्याभर पाणी ओतलं आणि ओल्या पावलांनी पलंगापाशी येऊन उभी राहिली. कपाळ कोरं असलेली ती बाई मेलेल्या नवऱ्याचं घरी येणं रोज वाजवत होती, आणि म्हातारी तोंड फिरवून पडलेली असायची. अबोला होता म्हणून ते जमलं.

पुढे एकदा काकीला ताप भरला. ती आतल्या खोलीत ग्लानीत पडून राहिली आणि संध्याकाळ टळून गेली. रात्री शुद्ध आल्यावर ती धडपडत सासूपाशी गेली. म्हातारी पलंगावर उठून बसली होती आणि तिचा चेहरा रडून सुजला होता.

ती म्हणाली, "रोज तूं येतेस, पोरी. आज तो आला. मी बोललें त्याच्याशीं."

त्यानंतर ती फार दिवस जगली नाही. काकी मात्र तेव्हापासून रोज दिवेलागणीला, पलंग होता त्या जागी खुर्ची टाकून बसायची. काकाच्या चपला ओट्यावर ठेवलेल्या, हंडा भरलेला. तो आईसाठी आला होता, तेव्हा तिच्यासाठीही एकदा येईल, एवढीच तिची आशा. चाळीस-पन्नास वर्षांत तो आला नाही, आणि आता तिचे कान चालले होते.

दुकानातल्या माणसाने यंत्र माझ्या हातात देताना सांगितलं होतं, की फार तर महिनाभर याचा उपयोग होईल, पुढे काहीच ऐकू येणार नाही. मी हे तिला सांगणार नव्हते. पण यंत्र कानात बसवताना तिने माझ्या तोंडाकडे पाहिलं.

"किती दिवस म्हणाला?"

"बरं चालेल म्हणाला."

"सेरी, बरें," ती म्हणाली. तिने माझा हात थोपटला. मग म्हणाली, "विनुता, मज एक वाटतें. मीच त्याची जागा घेतली. इतकी वर्षें त्याच्यासारखी चाललें, मग त्यानें यावें कुठून?"

बाहेर अंधारून आलं होतं. कालव्याकडून चिखलाचा आणि ओल्या पेंढ्याचा वास येत होता. मी इडल्या ताटलीत काढल्या तेवढ्यात करंट गेला. काकी म्हणाली, "जेवण राहूं दे." मी कामाक्षी दिवा लावून कोनाड्यात ठेवला. त्याचा उजेड खुर्चीपर्यंत जेमतेम पोहोचत होता. ती मान जराशी कलती करून दाराकडे कान देऊन बसली होती. पांढरे केस नीट विंचरलेले, त्यात जाईचा एवढासा गजरा. रोज यावेळी ती गजरा माळते हे मला ठाऊक होतं, पण त्या दिवशी ते बघवेना.

म्हणून मी ते केलं.

"स्कूटर आत घेऊन येते," असं म्हणून मी बाहेर आले. चपला ओट्यावर होत्या. अखिला त्यांना अधूनमधून तेल लावायची, त्यामुळे चामडं अजून मऊ होतं. लहानपणी सुट्टीत काकीने काकाची चाल मला खेळ म्हणून शिकवली होती. मी चपला घातल्या, फाटकाशी गेले आणि तिथून चालत आले. उजवा जड. डावा घाईत. पायरीशी थांबले, चपला काढल्या आणि उंबरा ओलांडला.

दोन पावलं टाकल्यावर लक्षात आलं की पायांवर पाणी घ्यायचं राहिलं. आता मागे फिरता येत नव्हतं. कोरड्या पायांनीच मी फरशीवरून गेले, खुर्चीपाशी क्षणभर उभी राहिले आणि आतल्या खोलीत शिरले. तिथल्या काळोखात भिंतीला टेकले.

बाहेरून बराच वेळ काहीच ऐकू आलं नाही. मग काकीने एक लांब श्वास घेतलेला मला ऐकू आला.

मी स्वयंपाकघराकडून फिरून, आत्ताच आल्यासारखी तिच्यापाशी आले. तिचे डोळे मिटलेले होते आणि गालांवरून पाणी वाहत होतं.

"काकी... काय झालं?"

"तूं अजून उजवा पाय हलका टाकतेस," ती हळूच म्हणाली. "लहानपणीं पण तसाच टाकायचीस."

मी मान खाली घातली. "चुकलं माझं. मला वाटलं..."

"नाहीं चुकलीस. मी पण तेंच केलें होतें." ती जराशी हसली. "पण तूं घाई केलीस. तुझ्यामागून तो येत होता... त्याला दारांत थांबावें लागलें."

"कोण, काकी?"

"तांब्या वाजला. पाणी पडलें. मग आला."

"काकी, मी पाणी ओतलं नाही... विसरले मी."

"ठाऊक आहे मज."

दिव्याची ज्योत सरळ होती, वारा नव्हता. मला दाराकडे बघायचं होतं, पण मान वळेना. काकीने हात वर करून माझं मनगट धरलं. तिचा हात कोमट आणि शांत होता.

"हें कानांतलें काढ," ती म्हणाली.

"आत्ता? का?"

"तो इथें उभा आहे... आतां जाईल. मज तें ऐकणें नको. जाणाऱ्यांचीं पुष्कळ ऐकलीं."

मी यंत्र काढायला पुढे वाकले आणि माझा पाय खुर्चीसमोरच्या फरशीवर पडला. फरशी ओली होती. यंत्र माझ्या मुठीत आलं तशी काकी खुर्चीत मागे टेकली, समोरच्या काळोखाकडे तोंड वर करून, आणि तिच्या भाषेत काहीतरी बोलू लागली. मराठीत नव्हे, तिकडच्या भाषेत. तिचा आवाज एखाद्या तरुण बाईचा होता. मला त्यातलं एक अक्षरही कळलं नाही, आणि कळायला नकोच होतं.

मी तिच्या पायांशी भिंतीला धरून बसले आणि तिच्याऐवजी ऐकत राहिले. तो कधी जातो ते ऐकायचं होतं. ती बोलता बोलता झोपली, दिवा विझत आला आणि मग करंट आला.

उंबऱ्यापासून खुर्चीपर्यंत ओल्या पावलांचे ठसे होते. मोठे, पुरुषाचे, उजवा जरा अधिक भरलेला. शेवटचे दोन खुर्चीसमोर, बोटं काकीकडे केलेली. परत जाणारा एकही नव्हता.

त्यानंतर काकी खुर्ची टाकून दाराकडे कान देऊन बसली नाही. यंत्रही तिने पुन्हा लावलं नाही. पोंगलच्या आदल्या आठवड्यात ती झोपेतच गेली. बाराव्या-तेराव्याचं सगळं आटोपल्यावर मी काकाच्या चपला तिच्या बुटांच्या पेटीत ठेवल्या, पेटीला कुलूप घातलं आणि ती माझ्या घरी आणली. माझ्याच पलंगाखाली आहे. किल्ली माझ्या गळ्यातल्या साखळीत आहे.

परवा घर भाड्याने देण्याआधी एकदा झाडून घ्यावं म्हणून मी तिकडे गेले. दिवेलागणी व्हायची होती, चांगला उजेड होता. फाटक उघडून ओट्यापाशी आले आणि थांबले. दाराला बाहेरून मीच लावलेलं कुलूप तसंच होतं. त्याच्यापुढे ओट्यावर काकाच्या चपला नीट जोडून ठेवलेल्या होत्या. त्यांच्या शेजारी, अगदी लगटून, तपकिरी रंगाचे टाचेचे बायकी बूट. हंड्याखालची जमीन ओली होती.

आमच्याकडे दाराबाहेर पादत्राणं दिसली की माणसं घरात आहेत असं समजतात आणि आधी हाक मारतात. मी बराच वेळ तिथे उभी राहिले. हाक मारायचा मला धीर झाला नाही.