रशियावालीचा फोटू

"आधी मोबाईल खिशात ठेवा, मग सांगतो," अमृतराव म्हणाले. लाईट गेलेली, गच्चीवर पुतणे-भाचे कोंडाळं करून बसलेले. "आपल्या संगमेशची गोष्ट आहे. गेल्या पौषातली, अमावास्येची रात्र. खोटं वाटलं तर उदगीरला जाऊन त्यालाच विचारा."

संगमेश किराणा दुकानदार, आणि मोठा संशयी. गिऱ्हाईकाची नोट उजेडात धरून बघणारा. त्याच्या वडिलांची, गुरुपादप्पांची, एक टॉकीज होती. ती बंद पडून जमाना झाला. दुसऱ्या दिवशी पाडायला जेसीबी येणार होता. तेव्हा त्याची म्हातारी आई शरणम्मा म्हणाली, "टॉकीजच्या भितीवरचा त्या रशियावालीचा फोटू तेवढा आणून दे रे बाबा."

या रशियावालीनं शरणम्माची उभ्या जन्माची झोप उडवली होती. झोया अर्दातोवा तिचं नाव. रेल्वे कामगाराची पोर. ऐन तारुण्यात एका लढाईच्या सिनेमात फलाटावर नवऱ्याची वाट बघणारी बाई झाली, आणि अख्खा देश तिच्यासाठी रडला. पुढे तिचा खरा नवरा, वैमानिक, विमान कोसळून गेला. तिनं सरकारी साहेबांशी वाकडं घेतलं. कामं आटली. मग बाईनं दुसऱ्या नट्यांना पडद्यामागून नुसता आवाज देत दिवस काढले.

तिचा सिनेमा हिंदीत करून इकडे दाखवत, तेव्हा ती रशियन पाहुण्यांबरोबर उदगीरला, या टॉकीजवर आली होती. शरणम्मा नवी नवरी. दारात आलेल्या बाईला रिकाम्या कपाळानं कसं पाठवायचं? तिनं ठसठशीत कुंकू लावलं, ओटी भरली. विचारायचं कुणाला सुचलंच नाही. पाहुणी विधवा आहे, हे दुभाष्यानं नंतर सांगितलं. वर्षाच्या आत गुरुपादप्पा गेले. संगमेश तेव्हा पोटात होता.

"मीच माझं कुंकू तिला देऊन बसले," शरणम्मा आजही म्हणायची. कुणी कितीही समजावलं तरी तिच्या मनातून ते जात नव्हतं.

संगमेश दुकान बंद करून टॉकीजवर गेला. कुलूप उघडं. भंगारवाल्यांचं काम, त्याला वाटलं. बॅटरी मारली. भिंतीवर तिच्या फोटोची चौकट होती, काचही धड होती. आत फोटो नव्हता. काच न फोडता फोटो नेणारा चोर कसला? तेवढ्यात आतल्या बाजूला त्याला उजेड दिसला.

वीज तर कधीच तोडलेली.

पडदा पांढरा उजळलेला. त्यावर चित्र नाही. पुढच्या रांगेत एक बाई पाठमोरी बसलेली. डोक्याला रुमाल बांधलेला.

"कोण हाय तिथं? फोटू कुठाय?"



तो दोन पावलं पुढे गेला. बाई वळली. फोटोतलाच चेहरा. ही बाई वारून बरीच वर्षं झाली, हे त्यानं मोबाईलवर कधीच वाचलं होतं...

तिचे ओठ हलले. आवाज नाही.

ओठ मिटले.

मग आवाज आला. हिंदीत. मागून कुठून तरी.

"शरणम्मा... घर पर हैं?"

संगमेश धावतच घरी आला. दार आतून बंद. बायकोनं, मंजुषानं, कडी काढली.

"आई?"

"आत हायत. आत्ताच कुणाला तरी 'बस' म्हणल्या. मला वाटलं, झोपेत बोलायल्यात."

शरणम्मा खाटेवर ताठ बसली होती. कपाळावर विभूतीचे पट्टे. त्यांच्या खाली कुंकू. मोठं... ओलं.

संगमेशला संशय आला. त्यानं आईची बोटं उजेडात धरून पाहिली. कोरडी, स्वच्छ. मग त्यानं बायकोकडे पाहिलं.

"माझ्याकडं काय बघता? मी टिकली लावते. ओलं कुंकू घरात हायच कुठं?"

मंजुषा ओला फडका घेऊन पुसायला वाकली. म्हातारीनं तिचं मनगट धरलं.  गच्चीवर पोरं एकमेकांना खेटून बसली.

"राहू दे," शरणम्मा म्हणाली. "माझंच हाय."