ओली चूल

हे मी रचलेलं नाही. माझी पणजी सुभद्राबाई हे सांगायची, तेव्हा दर वेळी पदर नाकाला लावायची.

निजामाचं राज्य होतं. फसली साल तेराशे सव्वीस, म्हणजे शंभरएक वर्षांपूर्वीचे भादव्याचे दिवस. धारूरजवळ, डोंगराच्या कडेला तिचं सासर.

एकवीस दिवस झड लागली होती.

गोधड्यांना बुरशी आली होती. वहाणांवर पांढरी लव उगवली होती. सकाळची भाकरी संध्याकाळी तार धरायची. पायाच्या बेचक्या चिखल्यांनी सडल्या होत्या. भिंतीला टेकावं, तर पाठीवर गोम चढायची.

त्यातच सासू जानकीबाई हिवतापानं गेली.

नवरा गहिनीनाथ चौघांना घेऊन मसणवट्यात गेला. दुपारी चिंब भिजून परतला.

"झालं का समदं?" सुभद्राबाईनं विचारलं.

"झालं."

"अन् सावडायचं?"

"राख पाण्यानं वाहून गेली," तो खाली बघत म्हणाला.

तिसऱ्या दिवशी सकाळी चूल ओली होती.

वर छप्पर कोरडं होतं. पण राखेत झाकून ठेवलेल्या निखाऱ्यांचा... चिखल झाला होता.

वास येत होता. जळक्या केसांचा. आणि त्याखाली, सडक्या मांसाचा.

तिनं राख उपसली. बोटांना काहीतरी चिकटलं. मऊ, करडं. धुऊन निघेना. नखानं खरवडावं लागलं.

पाचव्या दिवशी, भर दुपारी, ती भाकरी थापत होती. गोवऱ्यांवर चूल चांगली पेटली होती.

चुलीमागून आवाज आला... टप. टप.

वास इतका, की थुंकी गिळवेना.

चुलीपलीकडची जमीन ओली होत गेली. बसलेल्या बाईएवढी.

मग जाळ त्या बाजूला वाकला...

आणि विझला.

"लई गारठा हाय गं, सुभद्रे."

आवाज सासूचा होता.

सुभद्राबाई धडपडत ओसरीवर आली. "खरं सांगा. आत्याबाईंचं काय केलं?"

गहिनीनाथनं डोक्याचं मुंडासं सोडून हातात घेतलं.

"लाकडं ओली. दोनदा विझली. राकेल संपलं. केस जळाले, लुगडं जळालं. बाकी तसंच... आमी वर दगड रचले अन् आलो."

"मला कावून सांगितलं न्हाई?"

"काय सांगू? मलाच बघवलं न्हाई."

तिनं घराचं दार उतरवलं. खाट मोडली. घरात कोरडं म्हणून तेवढंच लाकूड होतं. घोंगडीखाली झाकून दोघांनी ते मसणवट्यात नेलं.

दगड जागचे हलले नव्हते. त्यांनी ते बाजूला केले.

खाली काहीच नव्हतं.

नुसतं काळं, बुळबुळीत पाणी.

गहिनीनाथ मागं सरला. सुभद्राबाईनं मात्र तिथंच लाकूड रचलं. काडी लावली. वरून पाऊस कोसळत असताना... ते भडकलं.

चितेवर कुणी नव्हतं. तरी मांस जळल्याचा वास येत होता.

दुसऱ्या दिवशी झड उघडली. दोघं राख बघायला गेले.

राखेत हाडं होती. एका माणसाची, पुरती.

त्यांनी ती गोळा केली, नदीत सोडली. चूल पुन्हा कधी ओली झाली नाही.

ती हाडं कुठून आली, हे मात्र आमच्या घरात आजही कुणी विचारत नाही.