मोजणी पुरी भरली

हे वाचून कुणी हसलं तरी चालेल. विश्वास ठेवा म्हणून मी हात जोडणार नाही. जे डोळ्यांनी पाहिलं, कानांनी ऐकलं आणि या उजव्या हाताने चाचपलं, तेवढंच सांगते. तिखटमीठ लावायची मला गरज नाही.

आणि अंधार, सुनसान रस्ता वगैरे काही नव्हतं. लख्ख ऊन पडलं होतं. सकाळची वेळ, छावणीचं मोठं मैदान, रांगेत मांडलेल्या खुर्च्या आणि बँडचा आवाज.

आमचे हे फौजेत होते. साधे जवान. लग्नानंतर वर्षभर मी घरी आणि हे छावणीत. रोज संध्याकाळी फोन यायचा. आधी गप्पा जास्त आणि खोकला कमी असायचा. मग हळूहळू खोकलाच जास्त आणि गप्पा कमी.

राहायची जागा कशी आहे, असं विचारलं की हे हसायचे. म्हणायचे, तू येऊ नकोस, जेवण जाणार नाही.

मग एकेक गोष्ट कळत गेली. बराकीच्या संडासाची मोरी तुंबली की घाण पाणी झोपायच्या खोलीपर्यंत यायचं. छतातून गळायचं. एक भिंत तर वर्षभर ओली, तिच्यावर काळी बुरशी. हात लावला की बोटाला चिकटायची. आणि पलीकडे बंदुकांची खोली होती, तिथे मात्र भिंती कोरड्या, गरम हवेचं यंत्र दिवसरात्र चालू. का, तर लोखंडाला गंज चढतो.

माणसाला गंज चढत नसावा बहुतेक.

त्यात तपासणी आली. हुकूम मिळताच निघायला त्या भागातल्या कुठकुठल्या तुकड्या तयार आहेत, ते बघायला वरून मोठे साहेब येणार होते. बराकीला रंग लागला. बुरशी खरवडली नाही कुणी, तिच्यावरूनच पांढरा रंग फासला. पलंगांवर चादरी इतक्या ताणून बसवल्या की सुरकुती दिसू नये. आणि त्या विस्कटू नयेत म्हणून आठवडाभर सगळे जवान खाली ओल्या फरशीवर झोपत होते. ही म्हणे तिथली जुनी पद्धत. पलंग साहेबांना बघायला, फरशी जवानांना झोपायला.

यांना ताप होता. डॉक्टरांनी इस्पितळात दाखल व्हा म्हणून सांगितलं होतं. पण तुकडीच्या धाकट्या साहेबांनी अडवलं. एक माणूस कमी पडला तर तुकडी सज्ज धरत नाहीत. तपासणी होऊ दे, मग जा.

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. तपासणीच्या दिवशी घरच्यांना आमंत्रण होतंच. मी पहिल्या गाडीने निघाले.

फाटकाशी हे उभे होते. क्षणभर ओळखलंच नाही मी. गणवेश कडक इस्त्रीचा आणि आत नुसती हाडं. सोबत यांचा मित्र होता. घारे डोळे, म्हणून सगळे त्याला बोका म्हणत. एरवी म्हणे तो दगडालाही हसवेल असा. त्या दिवशी गप्प होता.

घरच्यांना बराक दाखवायचा कार्यक्रम होता. आत शिरले आणि नाकाला पदर लावला. वर नव्या रंगाचा वास, आणि खाली... काहीतरी कुजल्याचा. फुलदाणीत फुलं ठेवली होती. 

जरा टेकावं म्हणून मी कोपऱ्यातल्या पलंगाकडे वळले. तोच ओल्या भिंतीजवळचा. सगळ्यात नीट लावलेला. बसण्यासाठी हात टेकला...

"बसू नको तिथे," हे इतक्या जोरात म्हणाले की आजूबाजूचे बघायला लागले.

पण हात टेकून झाला होता.

गादी ओली होती.

आणि गरम.

आत्ता कुणीतरी अंथरुणातून उठून गेलं की असते ना, तशी गरम. चादर वरून पांढरीशुभ्र. मी हात उचलला, तर तळवा काळा. बुळबुळीत. शेवाळावर हात पडावा तसा. आणि वास असा, की मी तिथेच ओकायच्या बेतात आले.

यांनी मला नळाशी नेलं. बोका साबण घेऊन आला. मी तीनतीनदा हात चोळत विचारलं, तो पलंग कुणाचा आहे?

"लंबूचा," बोका म्हणाला.

लंबूबद्दल यांनी फोनवर सांगितलं होतं. उंच, दारातून वाकून जाणारा, रांगेत यांच्या शेजारी उभा राहणारा. मी म्हटलं, कुठे आहे तो? आजारी दिसतोय, गादी बघा त्याची.



"वहिनी, लंबू मागच्या थंडीतच गेला," बोका खालच्या आवाजात म्हणाला. "याच पलंगावर. त्यालाही असंच, तपासणी होऊ दे म्हणाले होते."

मी म्हटलं, मग पलंग अजून का लावून ठेवलाय?

बोक्याने सांगितलं, त्याच्या जागी नवा माणूस आलाच नव्हता. पलंग काढला तर संख्या कमी भरणार, आणि संख्या कमी भरली तर साहेबांची बढती अडणार. म्हणून लंबू गेल्याचं वर कळवलंच नव्हतं. घरच्यांना परस्पर कळवून मोकळे झाले होते. पलंग होता तसाच ठेवला. रोज चादर बदलायची, ताणायची.

"पण मोजणीला काय करता?" मी विचारलं. "तिथे तर माणूस लागेल."

बोक्याने हातावरचा साबणाचा फेस धुऊन टाकला.

"मोजणी पुरी भरते, वहिनी."

मला वाटलं, कुणीतरी त्याच्या वतीने ओरडत असेल. शाळेत हजेरीला करतात तसं.

मैदानावर आम्हा घरच्यांना पुढच्या रांगेत बसवलं होतं. तुकडी समोर उभी राहिली. हे रांगेच्या मधोमध होते. आणि यांच्या डाव्या हाताला... एका माणसाची जागा मोकळी.

मोठे साहेब आले. हुकूम झाला आणि मोजणी सुरू झाली. पहिला ओरडला, एक. दुसरा, दोन. आकडा माणसामाणसातून झपाझप पुढे येत होता. मी यांच्या तोंडाकडेच बघत होते.

"सतरा," हे म्हणाले. आवाज फाटलेला.

मग...

"अठरा."

मी शप्पथ घेऊन सांगते, कुणाचेही ओठ हलले नाहीत. यांचे मिटलेले होते. मोकळ्या जागेपलीकडचा मुलगा डोळे घट्ट मिटून उभा होता. आवाज त्या जागेतूनच आला. घशात पाणी भरल्यावर बोललं तर येईल तसा. ओला.

मग तो मुलगा ओरडला, एकोणीस. मोजणी पुढे गेली.

आवाज आला होता माणसाच्या डोक्याच्या उंचीवरून नाही... त्याच्याही थोडा वरून.

मी खाली पाहिलं. सगळं मैदान कोरडं ठणठणीत, धूळ उडत होती. फक्त त्या एका जागी माती ओली. दोन पावलांएवढी.

मोजणी संपली. मोठ्या साहेबांनी हातातल्या कागदाकडे बघत मान डोलावली. तुकडी पूर्ण सज्ज आहे म्हणाले. टाळ्या वाजल्या. धाकटे साहेब गालातल्या गालात हसत होते. मला त्या ओल्या मातीची जेवढी शिसारी आली नाही, तेवढी त्या हसण्याची आली. त्यांनाही तो आवाज ऐकू येत होता. सगळे ऐकत होते. रोज.

मी उठले आणि सरळ धाकट्या साहेबांसमोर जाऊन उभी राहिले.  म्हटलं, तिथे कुणी नाही.

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. शांतपणे, अगदी सभ्यपणे.

"आवाज आला ना, मॅडम? मग आहे."

मी त्यांच्या चकचकीत बुटांवर ओकले. मुद्दाम नाही. पण वाईटही वाटलं नाही.

बँड थांबला. मोठे साहेब वळून बघायला लागले. आणि रांगेत हे खाली कोसळले. मग मात्र लपवाछपवी जमेना. एवढ्या लोकांसमोर पडलेला माणूस, गाडी मागवावीच लागली. इस्पितळात डॉक्टर म्हणाले, अजून दोनचार दिवस त्या खोलीत राहिले असते तर हाती लागले नसते. पुढे फौजेने यांना आजारपणामुळे मोकळं केलं. मी यांना घरी घेऊन आले.

इथे संपायला हवं होतं.

घरी कोरडी भिंत, ऊन, दोन वेळचं गरम जेवण. खोकला कमी झाला. अंगावर मांस धरलं. फक्त एक खोड राहिली. रात्री माझ्या शेजारी झोपायचे आणि सकाळी बघावं तर खाली फरशीवर. मी चिडवायची, फौजेने सोडलं पण तुम्हाला फरशी सोडवेना.

मग एका सकाळी माझं लक्ष गेलं. पलंगाची माझी बाजू विस्कटलेली होती. यांची बाजू मात्र... चादर ताणलेली, कोपरे घडी घालून खोचलेले. एक सुरकुती नाही.

मी विचारलं, रात्री उठून हे कधी करता? यांना काही आठवत नव्हतं.

मी चादरीवर हात ठेवला.

गरम होती.

हे फरशीवर थंडगार पडले होते. म्हणजे रात्रभर माझ्या शेजारी... मी पुढचा विचार केला नाही. बाथरूममध्ये जाऊन हात धुतला. अजूनही धुते. वास जात नाही.

त्याच आठवड्यात बोक्याचा फोन आला. इकडचं तिकडचं बोलला. मग घुटमळला. म्हणाला, वहिनी, दादा बरा आहे ना? नक्की बरा आहे ना?

बरे आहेत म्हटलं. का?

"त्याच्या जागी अजून कुणी आलं नाही. आणि मोजणी पुरी भरते. सतरा पण येतो... दादाच्याच आवाजात."

त्या दिवसापासून मीही खालीच झोपते. पलंग विकायला काढला, पण बघायला येतो तो गादीवर हात ठेवतो आणि काही न बोलता निघून जातो.

आणि मोजणीच्या वेळेला, उजाडता उजाडता मला जाग येते. अलार्म लागत नाही. शेजारी हे गाढ झोपेत असतात. डोळे मिटलेले. ओठ हलतात.

"सतरा."

मग वर, पलंगावरून... तो ओला आवाज.

"अठरा."

त्यानंतर काहीच होत नाही. घर गप्प. पण ती शांतता रिकामी नसते. कुणीतरी थांबलेलं असतं, पुढच्या आकड्यासाठी. आणि या घरात तिसरी मीच आहे.

मी तोंडावर हात दाबून पडून राहते. आतापर्यंत आवाज बाहेर पडू दिलेला नाही.

काल संध्याकाळपासून मला खोकला येतोय.