बूट झाडायचं बाकडं

मागच्या मार्गशीर्षातली अमावास्या. करी रोडला आपल्या शेजारच्या चाळीतला सुशांत, कंपनीचा टेम्पो चालवतो तो, त्याला मालकांनी एक काम सांगितलं. छर्ऱ्यांची कंपनी काळाचौकीतून उठून लांब गेली होती. जुन्या शेडच्या फाटकावर पितळी घंटा तेवढी राहिली होती. "उद्या शेड पाडायला माणसं येतील. त्याआधी काढून आण," म्हणाले.

काय रे मयूर? नाही, बंदुकीचे छर्रे नव्हेत. मोहरीएवढे पोलादी दाणे. भंगार वितळवायचं, त्याचा रस पाण्याच्या फवाऱ्यात सोडायचा, की दाणे व्हायचे. ते यंत्रातून जोरात मारले की लोखंडावरचा गंज निघतो. मोठ्या मालकांनी एका भट्टीवर सुरुवात केली. पुढं गिरण्या बंद पडल्या. सूत कातायच्या चात्या, मागाचे सुटे भाग, सगळं त्या भट्टीत आलं. ज्या मागावर बापानं जन्म काढला, त्याचे छर्रे मुलानं गोणीत भरले. अशी ती कंपनी.

पण दाणा वाईट. बुटात शिरतो आणि घरी येतो. दगडी जिन्यात त्याच्यावर पाय पडला की माणूस उभा राहत नाही. म्हणून फाटकाशी एक बाकडं होतं, खाली पत्र्याचा डबा. पाळी सुटली की तिथं बसून बूट झाडायचे, मगच बाहेर पडायचं.

सुशांतच्याच चाळीत पूर्वी राजाराम राहायचा. तो एकदा घाईत तसाच निघाला. त्या रात्री त्याची कौसल्या पाण्याला म्हणून खाली निघाली. पोटुशी होती…

जाऊ दे.

पुढं राजाराम रोज रात्री जिना पुसायचा. झाडूनं दाणे पळतात, म्हणून ओल्या तळहातानं. गुडघ्यावर बसून, खालच्या पायरीपासून वर. मरेपर्यंत. त्याला जाऊनही आता वर्षं झाली.

तर सुशांत संध्याकाळी शेडवर गेला. घंटेचे नट गंजलेले. घरी आला, जेवला, पाना घेतला. रुपालीला आठवा महिना.

"रात्रीचा कशाला जातोस? आणि आज अमावास्या."

"तू बोलतेयस की तुझी आई?" तो हसला. "गेलो नि आलो. झोप तू."

घंटा निघेपर्यंत बारा वाजून गेले. वाजू नये म्हणून त्यानं लोलकाला रुमाल गुंडाळला. निघाला, तर मागून आवाज.

टक… टक…

बाकड्यावर कोणी म्हातारा पाठमोरा बसला होता. बूट झाडत होता.

"काका, आत कसे आलात? कुलूप आहे फाटकाला."

"बूट झाडतोय, बाबा."

"कंपनी गेली इथून."

"दाणे नाय गेले."

सुशांत कडेनं जायला लागला.

"तुझे झाडलेस?"

"घरी झाडतो. बायको एकटी आहे."

टकटक थांबली.

"माझी पण एकटीच होती." मग हळूच, "संध्याकाळी… असाच चढलास ना जिना?"

म्हाताऱ्याच्या हातात बूट उलटा होता. दाणे पडत होते. पडतच होते. डब्यात आवाज मात्र नव्हता…

म्हातारा उठला. अनवाणी. बंद फाटकाकडे गेला.

फाटक उघडलं नाही.

म्हातारा मात्र कुठंच नव्हता. बाकडं रिकामं.

सुशांतनं घंटा तिथंच टाकली. कुलूप उघडून धावत सुटला. रुपालीला फोन लावला. वाजत राहिला. पुन्हा लावला. वाजत राहिला…

चाळीत दिवे गेलेले. जिन्यात काळोख. आणि वरून बांगड्या वाजल्या.

"रुपाली! थांब! पाय उचलू नकोस!"

"अरे, ओरडतोस काय? लोक झोपलेत. झोप येईना, म्हणून खाली बघायला आले. मोबाइल वरच राहिला."

बोलत बोलत ती शेवटच्या पायरीपर्यंत उतरून आली होती. धडधाकट. त्यानं तिचा हात घट्ट धरला. ती म्हणाली,

"जिना कुणी रे पुसला एवढ्या रात्री? पाय गार पडले माझे."

सुशांतनं बाहेर जाऊन बूट झाडले. मूठभर दाणे पडले. मग बॅटरी लावून, तिला धरून अनवाणी वर गेला. जिन्यात एक दाणा नव्हता. पायरीपायरीवर हाताचा ओला पंजा उमटलेला. आणि त्यांच्या उंबरठ्याशी छर्ऱ्यांची छोटीशी रास. ओली.

सकाळी त्यानं मला बोलावलं. तोवर जिन्यात ऊन आलं होतं. तरी पायऱ्या वाळल्या नव्हत्या. मी एकेक पंजा बघत वर गेलो, दारापर्यंत.

सगळे वर जाणारे. खाली उतरणारा…

एकही नव्हता.